रॉबर्ट ब्रूसने घेतलेले किल्ले स्वतःच का पाडले?

तटबंदी · सोमवार, रात्री ९.१२

स्कॉटलंडचा चौदाव्या शतकातला राजा रॉबर्ट ब्रूस म्हटलं की आपल्याला पहिला आठवतो तो गुहेत पुन्हा पुन्हा जाळं विणणारा कोळी. तो आधी बाजूला काढून ठेवू. ब्रूसच्या काळच्या एकाही साधनात कोळी नाही. सतराव्या शतकात ही गोष्ट ब्रूसचा सरदार जेम्स डग्लस याच्या नावावर सापडते. एकोणिसाव्या शतकात वॉल्टर स्कॉटने मुलांसाठी इतिहास लिहिताना तो कोळी ब्रूसच्या डोक्यावर आणून टांगला. शाळेच्या फळ्यावरच्या सुविचाराला ठीक आहे, युद्ध समजायला त्याचा उपयोग नाही.

धागा काढायचं कारण वेगळं. १३१३ ते १३१४च्या उन्हाळ्यापर्यंत ब्रूसच्या माणसांनी पर्थ, लिनलिथगो, रॉक्सबर्ग, एडिंबरा हे किल्ले एकामागून एक घेतले आणि घेतल्या घेतल्या पाडले. जून १३१४च्या बॅनकबर्नच्या लढाईत इंग्रजांना हरवल्यावर स्टर्लिंगचंही तेच केलं. जीव धोक्यात घालून घेतलेली जागा जमीनदोस्त करायची, यात हिशेब कोणता?

माझं उत्तर: किल्ल्यांची गरज इंग्रजांना होती, ब्रूसला नव्हती. परक्या मुलखात मूठभर शिबंदीला टिकायचं तर दगडी तट हवा. धान्य तिथे साठवायचं, वसुली तिथे आणायची, स्वारांची तुकडी तिथून बाहेर काढून आसपासची गावं दाबात ठेवायची. तट नसेल तर इंग्रज फौज उन्हाळ्यात येईल, जाळपोळ करेल, पण थंडीत थांबणार कुठे?

आणि वेढा सोसणं स्कॉटिश बाजूला कधीच जमलं नव्हतं. १३०४मध्ये इंग्लंडचा राजा पहिला एडवर्ड याने स्टर्लिंगला वेढा घातला तेव्हा दगडफेकी यंत्रांच्या वजनासाठी चर्चच्या छपरांवरचं शिसं उपसून आणलं. ‘वॉरवुल्फ’ नावाचं प्रचंड यंत्र बांधून होईपर्यंत आतली माणसं शरण यायला तयार झाली होती, पण यंत्र चालवून बघितल्याशिवाय राजा शरणागती घेईना! १३०६मध्ये किलड्रमी पडला तो फितुरीने. ब्रूसवर पुढे काव्य लिहिणारा स्कॉटिश कवी बार्बर याच्या काव्यात एक लोहार नांगराचा तापलेला फाळ धान्याच्या साठ्यात टाकतो. ब्रूसचा भाऊ नील तिथे पकडला गेला आणि बेरिकला मारला गेला. किल्ला म्हणजे आपली माणसं एका जागी कोंडून शत्रूच्या हवाली करणं, हा धडा ब्रूस तिथे शिकला असं मला वाटतं.

शंकासुर · सोमवार, रात्री ९.४०

म्हणजे गनिमी कावाच की! पण महाराजांनी तर किल्ले राखले. मग हे उलटं कसं?

संपादक · सोमवार, रात्री ९.५५

तुलनेसाठी वेगळा धागा काढावा. इथे चौदाव्या शतकातलं स्कॉटलंडच चालू द्या.

रसदखाते · सोमवार, रात्री १०.०३

एक दुरुस्ती. पर्थ हा निव्वळ किल्ला नव्हता, तट आणि खंदक असलेलं शहर होतं. तिथे ब्रूसने तट पाडला आणि खंदक बुजवला. मुद्दा तोच राहतो, पण यादीत ‘किल्ले’ लिहिताना पर्थ वेगळं धरा.

मोडीवाचक · सोमवार, रात्री १०.३१

मुळात इंग्रज तिथे आले कसे हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही, म्हणून थोडं मागे जातो.

मार्च १२८६मध्ये राजा तिसरा अलेक्झांडर रात्रीच्या वादळात किंगहॉर्नजवळ घोड्यावरून पडून मेला. वारस उरली नॉर्वेतली नात मार्गारेट. ती १२९०मध्ये स्कॉटलंडला येताना ऑर्कनी बेटांवर वारली, वय सात. मग गादीवर हक्क सांगणारे १३ जण उभे राहिले. निवाडा करायला त्यांनी शेजारच्या राजाला, पहिल्या एडवर्डला बोलावलं. त्याने आधी सगळ्यांकडून स्वतःचं वर्चस्व कबूल करून घेतलं आणि मग निवाड्याला बसला.

खरा दावा दोघांचा. हंटिंग्डनचा अर्ल डेव्हिड याला तीन मुली. थोरलीच्या मुलीचा मुलगा जॉन बॅलिओल. मधलीचा मुलगा म्हातारा रॉबर्ट ब्रूस, म्हणजे आपल्या ब्रूसचे आजोबा. बॅलिओल म्हणे, पाती थोरली आमची. ब्रूस म्हणे, मी एक पिढी जवळचा. धाकटीचा नातू हेस्टिंग्ज म्हणे, राज्य म्हणजे जमीनच, तिघांत वाटून टाका. १०४ पंच बसले: ४० बॅलिओलचे, ४० ब्रूसचे, २४ एडवर्डचे. १७ नोव्हेंबर १२९२ला निकाल बॅलिओलच्या बाजूने लागला. आपल्या पद्धतीने बघितलं तरी निकाल कायद्याला धरूनच होता, हे ब्रूसच्या भक्तांना रुचत नाही.

पुढे एडवर्डने बॅलिओलला मांडलिकासारखं वागवलं. बॅलिओलने १२९५मध्ये फ्रान्सशी तह केला. १२९६मध्ये एडवर्डने बेरिक लुटलं, डनबारला स्कॉटिश फौज मोडली, बॅलिओलच्या अंगरख्यावरचं राजचिन्ह फाडून काढलं आणि राज्याभिषेकाचा दगड स्कोनहून वेस्टमिन्स्टरला नेला. स्कॉटिश बंडाचे पुढारी वॉलेस आणि अँड्र्यू मरे यांनी ११ सप्टेंबर १२९७ला स्टर्लिंगच्या पुलावर इंग्रजांना हरवलं ते बॅलिओलच्याच नावाने. ब्रूस घराणं या सगळ्यात कधी इकडे, कधी तिकडे. १३०२मध्ये आपला ब्रूस एडवर्डला शरण गेला होता.

मग १० फेब्रुवारी १३०६. डम्फ्रीजच्या ग्रेफ्रायर्स चर्चमध्ये त्याने प्रतिस्पर्धी जॉन कॉमिनला भोसकलं. चर्चमध्ये खून, म्हणजे पोपचा बहिष्कार अटळ. शांत बसला असता तर गळ्याला दोर होताच. सहा आठवड्यांत, २५ मार्चला, तो स्कोनला राजा झाला. ग्लासगोच्या बिशप विशार्टने त्याला पापमुक्त केलं आणि अभिषेकाची वस्त्रंही पुरवली. त्याच विशार्टला एडवर्डने ग्लासगोच्या घंटामनोऱ्यासाठी लाकूड दिलं होतं. बिशपने त्या लाकडाची दगडफेकी यंत्रं करून किर्किनटिलॉकच्या इंग्रज किल्ल्यावर लावली. पुढे एडवर्डच्या आरोपपत्रात ही तक्रार नोंदलेली आहे.

शंकासुर · सोमवार, रात्री १०.५०

लाकडाची गोष्ट झकास. पण ब्रूस राजा झाल्यावर लगेच हरला ना?

भालाईत · सोमवार, रात्री ११.२०

हरला आणि वाईट हरला. १९ जून १३०६ला मेथवेनला इंग्रज सेनापती एमर द व्हॅलेन्सने त्याच्या तळावर छापा घातला. समोरासमोर या असं ब्रूसने आव्हान दिलं होतं, उद्या बघू असं उत्तर मिळालं, आणि हे लोक शस्त्रं उतरवून स्वयंपाकाला लागले. पहारे नीट नव्हते. बायको आणि मुलगी कैदेत गेल्या, बहीण मेरीला रॉक्सबर्गला आणि त्याला मुकुट घालणाऱ्या बुकनच्या इझाबेलाला बेरिकला पिंजऱ्यात ठेवलं. तीन भाऊ वर्षभरात मारले गेले.

१३०७पासून त्याची लढायची पद्धत बदलते. १० मे १३०७ची लाउडन हिलची लढाई बघा, माझ्या मते बॅनकबर्नची तालीम तिथेच झाली. शत्रू येणार त्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंना दलदल होती, पण दलदल आणि रस्ता यांच्यामध्ये घोडदळाला पसरायला पुरेशी कोरडी जमीन. ब्रूसने दलदलीपासून रस्त्याकडे दोन्ही बाजूंनी तीन-तीन चर खणले. मध्ये तेवढीच फट ठेवली जेवढी त्याचे भालाईत भरून काढू शकतील. तीन ओळी अशासाठी की पहिली सोडावी लागली तर मागे दुसरी तयार. व्हॅलेन्सचं घोडदळ त्या फटीत चेपलं, मागच्यांना पुढे येता येईना. तोच व्हॅलेन्स, अकरा महिन्यांनी.

७ जुलै १३०७ला पहिला एडवर्ड सरहद्दीवर मेला. त्याचा मुलगा दुसरा एडवर्ड स्वतःच्या सरदारांशी भांडण्यात गुंतला. ब्रूसने ती वर्षं घरच्या शत्रूंवर, कॉमिन आणि मॅकडूगल घराण्यांवर खर्च केली. १३०८मध्ये बुकन परगणा त्याने असा जाळला की लोक पन्नास वर्षं रडत होते असं बार्बर लिहितो. स्वातंत्र्ययुद्धाचा हा भाग गौरवग्रंथांत दोन ओळींत उरकतात.

शंकासुर · मंगळवार, सकाळी ८.०५

@तटबंदी, यंत्रं नव्हती तर किल्ले घेतले कसे? शिड्या लावून असं सगळीकडे वाचतो. तटावर पहारा असताना शिडी लावायची म्हणजे नक्की कशी?

तटबंदी · मंगळवार, सकाळी ९.३०

याचं उत्तर एका साधूच्या बखरीत आहे. कार्लाइलजवळच्या लॅनरकॉस्ट मठाच्या नावाने ती ओळखली जाते. ६ डिसेंबर १३१२च्या रात्री ब्रूसने बेरिकवर शिड्या लावल्या, बेत फसला, शिड्या मागे राहिल्या. त्या आपण डोळ्यांनी पाहिल्या असं लिहून बखरकार रचना सांगतो:

तटाच्या उंचीएवढे दोन मजबूत दोर. पायरी म्हणजे सुमारे अडीच फूट लांब, अर्धा फूट रुंद फळी, एका माणसाचं वजन पेलेल अशी. फळीच्या दोन टोकांना भोकं, त्यांतून दोर ओवलेले. खाली गाठ मारली की फळी तिच्यावर बसते. दीड फूट वर पुन्हा गाठ, पुन्हा फळी. असं वरपर्यंत.

टोकाला लोखंडी आकडा. त्याची एक बाजू फूटभर, ती तटाच्या माथ्यावर टेकते. दुसरी बाजू खाली लोंबते, तिच्या टोकाला गोल भोक. बाजूंच्या कड्यांत दोन्ही दोर बांधलेले. आता लांब भाल्याचं टोक त्या भोकात घालायचं, दोन माणसांनी भाला उभा उचलायचा, आकडा तटावर अडकवायचा आणि भाला काढून घ्यायचा. लाकडी शिडीसारखी ती भिंतीवर आपटत नाही, गुंडाळून घोड्यावर नेता येते.

आता खुबी. दोराची शिडी भिंतीला चिकटली की पायाचा चवडा आत जात नाही, हातही सोलतात. म्हणून दर तिसऱ्या पायरीला भिंतीच्या बाजूने एक ठोकळा बाहेर काढलेला, शिडी तटापासून सुटी राहावी म्हणून. हे बारीक काम करणाऱ्याने आधी फसून बघितलेलं असणार.

त्या रात्री बेरिकला दोन शिड्या लागल्या होत्या. एक कुत्रा भुंकला आणि पहारा जागा झाला. सकाळी बेरिककरांनी त्या शिड्या गुन्हेगारांना उभं करायच्या खोड्यावर टांगल्या, स्कॉट लोकांची नाचक्की म्हणून.

पर्थला ब्रूसने (जानेवारी १३१३) आधी वेढा उठवल्याचं नाटक केलं. आतले गाफील झाल्यावर आठवड्याने रात्री परत आला. खंदकात कुठे किती पाणी हे त्याने आधीच चाचपून ठेवलं होतं. गळ्यापर्यंत पाण्यातून भाल्याने तळ तपासत तो स्वतः गेला आणि तटावर चढणारा दुसरा माणूस होता.

रॉक्सबर्गला डग्लसने दिवस निवडला तो लेंट (ईस्टरआधीचा उपासाचा काळ) सुरू होण्याआधीचा मंगळवार, फेब्रुवारी १३१४. शिबंदी खाण्यापिण्यात. साठेक माणसं चिलखतावर काळे झगे घालून हातापायांवर रांगत आली. पहारेकऱ्यांना ती अंधारात मोकळी सुटलेली गुरं वाटली. शिड्या बनवणाऱ्याचं नावही बार्बर देतो, सिम ऑफ द लेडहाउस. एवढ्या सरदारांच्या गर्दीत एका कारागिराचं नाव टिकलं याचं मला अप्रूप आहे.

१४ मार्चला एडिंबरा. ब्रूसचा सरदार रँडॉल्फ याने ३० माणसं उत्तरेच्या कड्यावरून चढवली. वाटाड्या विल्यम फ्रान्सिस. पूर्वी किल्ल्यात राहत असताना गावातल्या मुलीला भेटायला तो रात्री याच कड्यावरून उतरायचा. वर तटाला फक्त १२ फुटी शिडी पुरली, कारण कडा आहे म्हणून तिथला तट उंच बांधलेलाच नव्हता.

लिनलिथगोला (१३१३) शिडीच नाही. गवत पुरवणाऱ्या बनकने गाडीत गवताखाली आठ माणसं झाकली, गाडी बरोबर दरवाज्याच्या चौकटीत आणली आणि बैलांचे दोर कापले. वरून सोडायचा जाळीचा दरवाजा गाडीवर अडकला.

या सगळ्यांत सामाईक काय ते बघा: आतून ठाऊक असलेली एक जागा, शिबंदीचा एक गाफील वेळ, थोडी माणसं. आणि हेच पाडण्याचंही कारण. ज्या वाटेने आपण आलो त्या वाटेने उद्या ते येतील.

भालाईत · मंगळवार, सकाळी १०.१०

याच्या उलट उदाहरण कार्लाइलचं, २२ जुलै ते १ ऑगस्ट १३१५. इथे ब्रूसने रीतसर वेढा घालून बघितला. त्याचं दगडफेकी यंत्र एक, आत सात-आठ. चाकांवरचा लाकडी मनोरा बांधला, तो तटापर्यंत पोचलाच नाही, पावसाने भिजलेल्या जमिनीत चाकं रुतली. खंदक भरायला गवताच्या आणि पिकाच्या पेंढ्या टाकल्या, खंदक ते गिळून मोकळा. चाकांवर ओंडक्यांचे पूल केले होते, ते जड होऊन तळाशी गेले. मग एका बाजूला गाजावाजा करून दुसऱ्या बाजूने शिड्या लावल्या, तेही हाणून पाडलं. किल्लेदार अँड्र्यू हार्कलीने काम चोख केलं. बॅनकबर्न जिंकून वर्ष झालं होतं, तरी सुतारकाम आणि चिखल यांच्यापुढे चालेना.

शंकासुर · मंगळवार, दुपारी १.१५

बॅनकबर्नला एवढी मोठी फौज हरली कशी हे पण येऊ द्या. खड्ड्यांमुळे ना?

भालाईत · मंगळवार, दुपारी २.४०

खड्ड्यांचं श्रेय जरा कमी करायला हवं. ते खरे होते: वीतदीड वीत रुंद, गुडघाभर खोल, मधाच्या पोळ्यासारखे शेजारी शेजारी, वरून काटक्या आणि गवत. पण त्यांचं काम घोडे मारणं हे नव्हतं, घोडदळाला रस्ता सोडू न देणं हे होतं. लाउडन हिलचे चर आठवा.

स्टर्लिंगच्या किल्लेदाराने, फिलिप मोब्रेने, ब्रूसच्या भावाशी करार केला होता: २४ जून १३१४पर्यंत इंग्रज फौज आली नाही तर किल्ला तुमचा. ब्रूस भावावर भडकला, कारण मोठी लढाई टाळण्याचं त्याचं सगळं धोरण या एका कागदाने मोडलं. दुसऱ्या एडवर्डला तारीख मिळाली. पायदळाचं बोलावणं २१,०००हून जास्त माणसांना गेलं, आले त्याहून बरेच कमी. वर दोन-अडीच हजार जड घोडदळ. ब्रूसकडे पाच ते सात हजार पायदळ आणि रॉबर्ट कीथच्या हाताखाली ५०० हलके स्वार.

आधी शिल्ट्रन समजून घ्या. भालाइतांचा दाट जमाव, भाले १२ फुटांच्या आसपास, पुढचे गुडघ्यावर, मागच्यांचे भाले त्यांच्या खांद्यांवरून. घोडा त्यात घुसत नाही. २२ जुलै १२९८ला फॉलकर्कला वॉलेसने असेच जमाव उभे केले, भोवती खुंट आणि दोर. तिथे काय चुकलं? जमाव जागचा हलू शकत नव्हता आणि त्याचं स्वतःचं घोडदळ पळून गेलं. मग इंग्रज तिरंदाजांना घाई कसली! उभ्या जमावावर ते बाण सोडत राहिले, भगदाडं पडली, तेव्हा घोडदळ आत शिरलं.

ब्रूसने त्याच शिल्ट्रनला चालायला शिकवलं. रांग न मोडता पुढे सरकायचं, चढ-उताराच्या जमिनीवर, खांद्याला खांदा लावून. त्यासाठी लढाईआधी आठवडेच्या आठवडे टॉरवुडच्या रानात फौजेचा सराव चालू होता. बाकी काही विसरलात तरी हे लक्षात ठेवा.

२३ जून, रविवार. हेन्री द बोहुनने भाला रोखून ब्रूसवर घोडा घातला, ब्रूसने तट्टू बाजूला घेऊन कुऱ्हाडीने त्याचं डोकं फोडलं. सरदार रागावले, तेव्हा ब्रूस म्हणे कुऱ्हाडीचा दांडा मोडला याचं वाईट वाटतं. त्याच दिवशी क्लिफर्ड आणि बोमाँट यांचे काहीशे स्वार बगलेने किल्ल्याकडे निघाले, त्यांना रँडॉल्फच्या शिल्ट्रनने उघड्या मैदानात अडवलं. त्यांच्याबरोबर तिरंदाज नव्हते. चिडून ते भाले आणि गदा फेकून मारत बसले. यात टॉमस ग्रे नावाचा सरदार पकडला गेला. त्याचा मुलगा पुढे एडिंबराच्या किल्ल्यात कैदेत असताना इतिहास लिहितो, म्हणून इंग्रज बाजूचं वर्णन आपल्याकडे आहे.

रात्री इंग्रजांनी घोड्यांच्या पाण्यासाठी बॅनकबर्न आणि पेलस्ट्रीम या दोन ओढ्यांच्या बेचक्यात सखल ओल्या जमिनीवर तळ टाकला. ब्रूस माघारीच्या विचारात होता. अलेक्झांडर सीटन रात्रीत इंग्रजांना सोडून आला आणि तिकडची फौज खचलीय असं त्याने सांगितलं.

सोमवारी पहाटे स्कॉट चालून गेले. इंग्रजांना वाटलं पायदळ आपल्यावर येईल कशाला, शरण येत असतील. बेचक्यात आघाडीची रुंदी इतकी कमी की पुढचं घोडदळ भाल्यांवर आणि मागचं सैन्य नुसतं उभं. मागून सोडलेले बाण आपल्याच लोकांच्या पाठीत. काही तिरंदाज बगलेला पोचून फॉलकर्क पुन्हा घडवणार तोच कीथच्या ५०० स्वारांनी त्यांना उधळलं. ५०० स्वारांचा एवढाच उपयोग, पण नेमक्या वेळी. राजाला व्हॅलेन्सने लगाम धरून बाहेर काढलं. मोब्रेने किल्ल्यात घेतलं नाही, कारण करारानुसार किल्ला आता द्यायचाच होता. एडवर्ड डनबारला जाऊन होडीने निसटला. हेरफर्डचा अर्ल पकडला गेला आणि त्याच्या बदल्यात ब्रूसची बायको, मुलगी आणि म्हातारा विशार्ट आठ वर्षांनी सुटले.

मोडीवाचक · मंगळवार, दुपारी ३.२५

बार्बर चार तुकड्या सांगतो, बाकीची साधनं तीन. तीनच धरा. बार्बर १३७५च्या सुमाराला लिहितो, तेव्हा डग्लस घराणं जोरात होतं आणि डग्लसला एक तुकडी देणं त्याला भागच होतं.

रसदखाते · मंगळवार, सायंकाळी ६.१०

लढाईने राज्य मिळालं नाही. एडवर्डने हक्क सोडला नाही आणि युद्ध आणखी १४ वर्षं चाललं. ते चाललं कशावर?

एक, खंडणीवर. उत्तर इंग्लंडचे परगणे काही महिन्यांच्या युद्धविरामासाठी रोख पैसे द्यायचे, मुदत संपली की पुन्हा. १३१८मध्ये रिपन शहराने १,००० मार्क कबूल केले आणि ओलीस दिले. (मार्क हे नाणं नव्हे, हिशेबाचं माप: १६० पेनी, म्हणजे पाउंडाचे दोन तृतीयांश.) १३१६मध्ये फर्नेसला लुटीत लोखंड भरपूर मिळालं तेव्हा स्कॉट लोक सर्वांत खूश झाले, कारण त्यांच्याकडे लोखंडाची टंचाई, असं तीच लॅनरकॉस्टची बखर सांगते.

दोन, जमिनीवर. नोव्हेंबर १३१४मध्ये केंबसकेनेथच्या सभेने ठरवलं: जे राजाच्या पदरी आले नाहीत त्यांची वतनं जप्त. दोन्ही देशांत जमिनी ठेवून दोन्ही राजांना मुजरा करायची सोय संपली. ती जमीन डग्लस, रँडॉल्फ वगैरेंना मिळाली. वतन गेलेले मात्र पुढे डोकेदुखी ठरले.

तीन, साध्या माणसाच्या हत्यारावर. १३१८चा कायदा: दहा पाउंडांची मालमत्ता असेल त्याने जाड भरलेला अंगरखा, शिरस्त्राण, हातमोजे, भाला आणि तलवार ठेवायची. एका गाईच्या किमतीचा माल असेल त्यानेही चांगला भाला किंवा धनुष्य आणि २४ बाण. नसेल तर माल जप्त.

चार, तव्यावर. १३२७च्या वीअरडेल मोहिमेत हेनो प्रांतातून इंग्रजांच्या मदतीला आलेला ज्याँ ल बेल हा डोळ्यांनी पाहिलेलं लिहितो. स्कॉट लोकांकडे गाडे नाहीत. सरदार घोड्यांवर, बाकी तट्टांवर. खोगिराच्या पडद्याखाली एक सपाट पत्रा, मागे ओटच्या पिठाची पिशवी. गुरं लुटीची. मांस शिजवायला भांडं नाही, त्याच जनावराच्या कातड्याची झोळी खुंटांवर ताणून त्यात पाणी आणि मांस, खाली जाळ. आत पाणी आहे तोवर कातडं जळत नाही. मांसाने पोट बिघडलं की ओटचं पीठ पाण्यात कालवून पत्र्यावर पातळ पोळी टाकायची. आपल्या धिरड्याची चुलत बहीणच.

उलट इंग्रजांनी पाठलागासाठी सामान मागे टाकलं, प्रत्येकाने खोगिरामागे एक पाव बांधला, तो घोड्याच्या घामाने भिजला. आठवडाभर पाऊस. स्कॉट वीअर नदीपलीकडच्या चढावर बसलेले, उतरतच नाहीत. एका रात्री डग्लसने तळात घुसून १४ वर्षांच्या तिसऱ्या एडवर्डच्या तंबूचे दोर कापले. दोन-तीन रात्रींनी शेकोट्या पेटत्या ठेवून सगळे दलदलीतून पसार.

१३२२मध्ये तर याहून सोपं. इंग्रज येणार कळताच ब्रूसने लोदियनमधली गुरं आणि धान्य आधीच हलवलं. ट्रॅनेंटला इंग्रजांना एक लंगडा बैल सापडला. एवढं महाग मांस आपण कधी पाहिलं नाही, असं अर्ल वॉरेन म्हणाला. धान्याची जहाजंही वेळेवर आली नाहीत, हगवण लागली, फौज परतली. तेव्हा एडिंबराचा किल्ला शाबूत आणि इंग्रजांच्या हाती असता, तर धान्य आधीच आत भरलेलं असतं. तटबंदी यांच्या मुद्द्याला याहून चांगला पुरावा नाही.

शंकासुर · मंगळवार, रात्री ८.२०

हे पटलं. पण बेरिक १३१८ला घेतलं ते नाही ना पाडलं?

रसदखाते · मंगळवार, रात्री ८.४५

नाही. बेरिक हे लोकरीचं बंदर, जकातीचं उत्पन्न मोठं. तिथे तट उंच केला आणि शिबंदी ठेवली. १३१९चा इंग्रज वेढा सोसायला जॉन क्रॅब नावाचा फ्लेमिश यंत्रकुशल माणूस होता. भिंतीखाली येणाऱ्या छपरी गाड्यांवर तो याऱ्यांनी जळते भारे टाकायचा. तिकडे डग्लस आणि रँडॉल्फ यॉर्कशरात घुसले, मायटनला हाती लागेल ती माणसं आणि पाद्री गोळा करून आलेली फौज त्यांनी मोडली, आणि वेढा उठला.

मोडीवाचक · मंगळवार, रात्री ९.३०

आता कागदांची लढाई, ती कोणी मोजत नाही. पोपच्या लेखी ब्रूस बहिष्कृत खुनी. १३१७मध्ये पोपच्या दूतांनी पत्र आणलं त्यावर ‘राजा’ शब्द नव्हता. ब्रूसने ते उघडलं नाही. रॉबर्ट ब्रूस नावाचे आमच्याकडे बरेच आहेत, हे पत्र त्यांच्यापैकी कुणाचं असेल, असं हसून सांगितलं.

६ एप्रिल १३२०चं आर्ब्रोथचं पत्र याच भांडणातलं. लॅटिनमध्ये, पोप बाविसाव्या जॉनला, ८ अर्ल आणि ३१ सरदारांच्या नावाने. आम्ही शंभर जण उरलो तरी इंग्रजांच्या सत्तेखाली जाणार नाही, हे वाक्य सगळे उद्धृत करतात. त्याच्या आधीचं वाक्य जास्त धारदार: ब्रूसनेच देश इंग्रजांच्या हवाली करायला घेतला तर त्यालाही हाकलून दुसरा राजा करू. ते लोकशाहीचं घोषणापत्र मानणं मात्र मला ओढून ताणून वाटतं. खुनी राजाला पाठिंबा का, याचा तो पोपसाठी केलेला वकिली युक्तिवाद आहे. चार महिन्यांत त्याच यादीतले सूलिस, मोब्रे, ब्रेकिन हे ब्रूसविरुद्धच्या कटात सापडले. रॉजर मोब्रे आधीच मेला होता, तर त्याचं प्रेत सभेसमोर आणून शिक्षा सुनावली.

शेवटी १७ मार्च १३२८ला एडिंबराला तह झाला. ब्रूस आजारी, होलीरूडच्या मठात अंथरुणावर. ४ मे रोजी नॉर्थॅम्प्टनला इंग्रज बाजूने मान्यता. स्कॉटलंड स्वतंत्र, सरहद्द तिसऱ्या अलेक्झांडरच्या वेळची. ब्रूसचा चार वर्षांचा मुलगा डेव्हिड याचं तिसऱ्या एडवर्डच्या सात वर्षांच्या बहिणीशी, जोनशी लग्न. स्कॉट लोकांनी तीन वर्षांत २०,००० पाउंड द्यायचे. जिंकणाऱ्याने पैसे द्यायचे हे विचित्र वाटतं, पण ते दिलेही. स्कोनहून नेलेल्या राज्याभिषेकाच्या दगडाचं कलम तहात नव्हतं. नंतर परत करायचा हुकूम निघाला, लंडनकरांनी नेऊ दिला नाही. तो १९९६मध्ये परत गेला, २०२४पासून पर्थच्या संग्रहालयात आहे.

ब्रूस ७ जून १३२९ला कारड्रॉसला वारला. स्कॉटिश राजांना तेलाभिषेकाचा हक्क देणारं पोपचं पत्र निघालं १३ जूनला. सहा दिवसांनी.

शंकासुर · मंगळवार, रात्री ९.५०

कुष्ठरोगाने गेला ना?

मोडीवाचक · मंगळवार, रात्री १०.०२

इंग्रज बखरी तसं म्हणतात. डनफर्मलिनला १८१८मध्ये सापडलेलं थडगं १८१९मध्ये तपासलं तेव्हा छातीचं हाड करवतलेलं होतं, हृदय काढून घेतल्याची खूण. कवटीचा साचा घेतला, त्यावरून कुष्ठरोग ठरवणारे आणि खोडणारे दोन्ही आहेत. हृदय डग्लस स्पेनला घेऊन गेला, तेबाला लढाईत मेला, हृदय परत येऊन मेलरोझला पुरलं.

भालाईत · मंगळवार, रात्री १०.४०

तहातलं भगदाड सांगायचं राहिलं: वतन गेलेल्यांचं काय? हेन्री बोमाँट वगैरेंना काही मिळालं नाही. १३३२मध्ये बॅलिओलच्या मुलाला घेऊन त्यांनी हजार-दीड हजार माणसांनिशी किंगहॉर्नलाच पाय ठेवला, जिथून हे सगळं सुरू झालं होतं. ११ ऑगस्टला डपलिन मूरला आणि १९ जुलै १३३३ला हॅलिडन हिलला स्कॉटिश शिल्ट्रन तिरंदाजांपुढे कापले गेले. ब्रूस, रँडॉल्फ, डग्लस तिघेही मेलेले. चालणारा शिल्ट्रनसुद्धा दलदलीतून चढावर बाणांच्या माऱ्यात गेला की फॉलकर्कच होतं.

शंकासुर · मंगळवार, रात्री १०.५५

मग किल्ले पाडल्याचा काय फायदा झाला? इंग्रज परत आलेच.

तटबंदी · मंगळवार, रात्री ११.३०

आले, पण त्यांना सगळं नव्याने बांधावं लागलं. एडिंबरा, स्टर्लिंग, रॉक्सबर्ग, पर्थचा तट. खर्च त्यांचा. आणि ब्रूसने सगळेच पाडले नव्हते हेही खरं, शीर्षक लिहिताना मी जरा सैल लिहिलं. दक्षिणेतले, जिथे इंग्रज फौज सहज पोचते, ते पाडले. आडवळणाचे ठेवले. १३३४मध्ये छोटा डेव्हिड डंबार्टनहून जहाजाने फ्रान्सला निसटला. किलड्रमी १३३५मध्ये लढवला तो ब्रूसच्या बहिणीने, क्रिस्टिनाने. तिला सोडवायला आलेल्या तिच्या नवऱ्याने, अँड्र्यू मरेने, ३० नोव्हेंबरला कल्ब्लीनला लढाई जिंकली, तिथून पारडं फिरलं.

एडिंबरा १३४१च्या एप्रिलमध्ये परत आलं. विल्यम डग्लसची माणसं व्यापारी बनून गेली, सामान दरवाज्यातच टाकलं, दरवाजा मिटेना. लिनलिथगोची गवताची गाडीच, फक्त माल वेगळा.